बिनसांध्याची फरशी

आमच्या घरात पहिल्यांदा पाऊल टाकणारा माणूस आधी खाली बघतो आणि मग विचारतो, "ही एकच लादी आहे का हो?" तेवढ्यासाठी तर आमचे हे जगतात. उत्तर देत नाहीत. नुसते खिशावर हात ठेवून बसतात, जणू काय तो प्रश्न खिशात घालून ठेवायचाय.

एकच लादी कुठली आलीय! ह्यांनी जन्मभर दुसऱ्यांच्या घरी फरश्या बसवल्या आणि प्रत्येक कामावर उरलेला संगमरवराचा तुकडा सायकलला बांधून घरी आणला. कुणाच्या जिन्यातला, कुणाच्या बाथरूममधला, एक तर दवाखान्याच्या पायरीचा. मी म्हणायची, "घर आहे की भंगारवाल्याचं दुकान?" पण त्या तुकड्यांची एकमेकांशी अशी सोयरीक जुळवली, की पलंगाखालून निघालेली फरशी पॅसेजमधून थेट पुढच्या दारापर्यंत सांडलेल्या दुधासारखी जाते. मध्ये उंबरठा नाही, पट्टी नाही, सांधा नाही. म्हणजे सांधे आहेत, ढीगभर आहेत, पण दगडाची भुकटी आणि पांढरं सिमेंट कालवून ते असे बुजवलेत, की शोधायला बसाल तर डोळे जातील.

बरं, डोळ्यांना पटून चालत नसे. ह्यांच्या शर्टाच्या खिशात कायम एक काचेची गोटी. काम संपलं की भिंतीकडे तोंड करून बसायचे आणि पाठीमागून गोटी सोडायचे. ती गुपचूप दुसऱ्या भिंतीपर्यंत गेली तर काम झालं. कुठे 'टिक्' वाजली, की लादी उखडायची. घरमालक हातापाया पडायचे, "अहो, दिसत नाही ना कुठे!" ह्यांचं ठरलेलं उत्तर, "ऐकू येतं ना." असला माणूस. लग्न ठरवताना मला कुणी गोटीचं सांगितलं नव्हतं, नाहीतर विचार केला असता.

आमची मुलगी चालायला शिकली ती ह्या फरशीच्या सोबतीनेच. ती शाळेतून यायची तेव्हा घरात कुठे ना कुठे काम ओलं असायचंच. दारात पोचली की आतून ह्यांचा आवाज, "ओलं आहे. पाय देऊ नको. ओलांडून ये." मग ती दप्तर बाहेर टाकायची, फ्रॉक वर धरायची आणि उडी मारून थेट बापाच्या अंगावर. ती मोठी झाली, नोकरीला लागली, लग्न होऊन दुसऱ्या शहरात गेली, तरी पुढचं दार उघडलं की आधी खाली बघते.

मग कंपवात आला. आला म्हणजे दार वाजवून नाही आला. आधी कपातला चहा बशीत यायला लागला. मी म्हटलं, "लक्ष कुठे आहे?" मग सही बारीक व्हायला लागली, मुंगीची रांग असावी तशी. मग चेहरा गेला. म्हणजे चेहरा आहे जागेवर, पण त्यावर काही उमटत नाही, हसू नाही की राग नाही. डॉक्टरांनी नाव सांगितलं आणि म्हणाले, हा जाणारा आजार नाही, ह्याच्याबरोबर राहायला शिका. मी मनात म्हटलं, ह्या माणसाबरोबर राहायला शिकले, मग आजाराचं काय घेऊन बसलात!

हाताचं एक वेळ निभलं. रिकामा हात थरथरतो, पण हातात काही धरलं की जरा गप्प बसतो. दगा दिला तो पायांनी. सपाट जागेवर बरे चालायचे आणि दार आलं की पाय चिकटायचे. अंग पुढे, पाय मागे, टाचा नुसत्या जागच्या जागी फडफडतात. स्वतःच्या झोपायच्या खोलीच्या दारात हा माणूस आत बोलवायला कुणी आलं नाही अशा पाहुण्यासारखा उभा. मग मी मागून कमरेत हात घालायचा, थोडं उचलायचं, थोडं ढकलायचं. सकाळी पॅसेजमधल्या बाथरूमला जाताना, येताना, दुपारी, संध्याकाळी. असं करता करता माझी कंबर कामातून गेली. डॉक्टरांनी फोटो बघितला आणि मलाच दम दिला, "पुन्हा त्यांना उचललंत, तर तुम्हाला उचलायला माणूस शोधावा लागेल."

मुलगी आली, बसली, रडली आणि तिने ठरवलं. दोघांनी तिच्याकडे राहायला यायचं. तिचं घर नवव्या मजल्यावर, लिफ्टचं, प्रत्येक खोलीत मदतीला बोलवायची घंटा, दिवसभराची बाई. हे घर विकायचं. पोरगी वाईट नाही हो, तिचा जीव तुटतो. जाताना दारात थांबून म्हणाली, "आई, बाबा पलंगापासून बाथरूमपर्यंत आणि ह्या दारापर्यंत एकटे आले असते ना, तर मी हट्ट धरला नसता. पण आता तू पडशील, नाहीतर ते पडतील." खोटं काय होतं त्यात? महिनाअखेर सामान भरायला खोकी घेऊन येते म्हणाली. हे खाली फरशीकडे बघत बसले.

आणि नेमक्या त्या महिन्यात आमच्या घरी सिनेमा आला.

ह्यांचे व्यायाम करून घ्यायला एक बाई यायच्या, त्यांच्या ओळखीने. दिग्दर्शिका म्हणजे माझ्या मुलीच्या वयाची पोर, गळ्यात कानाला लावायचं यंत्र, हातात काठीवर बांधलेला माइक. बरोबर कॅमेरावाला, इतका उंच की आमच्या दारातून वाकून आला. ह्यांनी त्याचं नाव तिथल्या तिथे शिडी ठेवलं. मी आधीच तोफ डागली, "आमच्याकडे काय बघणार तुम्ही? गोळ्यांची पाकिटं?" ती पोरगी शांतपणे म्हणाली, "काकू, बरं होण्याचे सिनेमे खूप झाले. मला न जाणाऱ्या आजाराबरोबर माणसं घरात कशी राहतात ते बघायचंय. तुम्ही आमच्यासाठी काही करू नका. भांडायचं असेल तर भांडा." म्हटलं, ही पोर कामाची आहे.

आणि शिडीने काय केलं असेल? दारात बूट काढले, खाली बघितलं आणि तोंडाचा आ करून विचारलं, "काका, ही एकच लादी आहे का?" झालं! त्या दिवसापासून शिडी घरचा माणूस झाला.

त्यांनी बरंच काही घेतलं. ह्यांचं जेवणं, माझं चिडणं, औषधाची वेळ, बटण लावायला लागणारा वेळ. बटणाचं घेताना शिडी गुडघ्यावर बसला होता आणि मी बघत होते, एका बटणासाठी दोन धडधाकट माणसं श्वास धरून बसली होती. बटण लागलं तेव्हा ती पोरगी हळूच "हां" म्हणाली. इतकी वर्षं मी ते बटण बघत होते आणि "आटपा लवकर" म्हणत होते. त्या दिवशी पहिल्यांदा मलाही ते बटण लागताना दिसलं.

एकदा तिने विचारलं, "काका, खिशात काय आहे?" ह्यांनी गोटी काढली. पुढच्या खोलीत भिंतीला लागून खाली बसले आणि सोडली. पोरीने माइक फरशीला टेकवला आणि डोळे मिटले. गोटी पार दुसऱ्या टोकाला गेली. ती तशीच बसलेली. मी म्हटलं, "अगं, झालं, पोचली." तिने डोळे उघडले तर ते भरलेले. म्हणाली, "काकू, मी आवाजाचंच खाते. पण असं काही ऐकलं नव्हतं. सुरुवात आहे, शेवट आहे आणि मध्ये कुठे काही नाही." ह्या फरशीवर मी जन्मभर केर काढला आणि एकदाही कान लावून बघितला नव्हता.

शेवटी त्यांना ह्यांचं अडकणं घ्यायचं होतं. सकाळी उठून पलंगापासून पुढच्या दारापर्यंत येताना हे कसे थांबतात, किती वेळ थांबतात. शिडी म्हणाला, काका पुढे येत राहतील आणि मी मागे सरकत जाणार, तर चित्र धूसर होऊ नये म्हणून प्रत्येक पावलाला भिंग किती फिरवायचं त्याची खूण लागेल. म्हणून त्याने काळी चिकटपट्टी काढली आणि पलंगापासून थेट दारापर्यंत आडव्या पट्ट्या मारल्या, पावलापावलावर. पांढऱ्या फरशीवर काळ्या रेघा. मी ह्यांच्याकडे बघितलं. चेहऱ्यावर नेहमीसारखं काही नाही, पण मानेची शीर ताठ.

"गोंद राहील," हे म्हणाले.

"नाही राहणार काका. आमच्या कामाची पट्टी आहे. जाताना सगळी काढून नेतो."

पोरगी म्हणाली, "काका, रोज येता तसेच या. अडकलात तर अडका. आम्हाला घाई नाही."

हे उठले. मी सवयीने मागे हात पसरून उभी. पोरीने हातानेच मला दूर व्हायला सांगितलं. आणि हे चालले.

कसं सांगू तुम्हाला? पाऊल उचललं, पूर्ण उचललं, पट्टीपलीकडे टाच टेकली. मग दुसरं. जिथे रोज घोडं अडतं ते दार आलं आणि मागे गेलं. पॅसेज आला. माझे हात हवेत तसेच पसरलेले, त्यांत कुणीच नाही. ह्यांची पाठ माझ्यापासून लांब लांब जात होती आणि ती ताठ होती. ही पाठ मी किती वर्षांनी लांबून बघत होते! शिडी उलटा सरकता सरकता कपाटावर आपटला, तरी हे थांबेनात, पार दाराच्या कडीला हात लावून उभे राहिले. देव वगैरे मी फारशी मानत नाही, पण त्या क्षणी कुणाला तरी हात जोडावेत असं वाटलं, आणि समोर दुसरं कुणी नव्हतं म्हणून मी शिडीलाच हात जोडले.

पोरीने कानावरचं यंत्र काढलं. "काका... रोज असेच येता?"

"छे!" मी म्हटलं.

"पुन्हा एकदा घेऊ या?"

पुन्हा तेच. तिसऱ्यांदाही तेच. अडकण्याचा सिनेमा घ्यायला आले आणि माणूस अडकायला तयार नाही! ती बिचारी अवघडून म्हणाली, "काका, अडकायला लाजू नका हं. त्यात कमीपणा नाही."

"चालता येतंय तर चालू नको?" हे म्हणाले.

मला हसावं की रडावं कळेना. म्हटलं, "माझ्या कमरेचा भुगा केलात इतकी वर्षं, आणि आता कॅमेरा दिसला की नवरदेवासारखे चालताय होय?" आणि स्वयंपाकघरात जाऊन पदर तोंडात कोंबून रडले. आनंदाने रडले. मला वाटलं, सुटलो.

संध्याकाळी त्यांनी आवराआवर केली. ती माणसं नीटस. ज्याच्या घरात काम केलं त्याचं घर होतं तसं करून द्यायचं, हा त्यांचा नेमच. शिडी गुडघ्यांवर रांगत एकेक पट्टी काढत होता आणि कपड्याने पुसत होता. हे खुर्चीत बसून देखरेख करत होते. "त्या कोपऱ्यात राहिलं. हो, तिथे. गोंद राहता कामा नये." शेवटची पट्टी निघाली, फरशी पुन्हा दुधासारखी झाली. घर सोडायच्या दिवशी येतो म्हणाले आणि गेले.

थोड्या वेळाने हे बाथरूमला उठले. दारापर्यंत गेले आणि चिकटले.

"अहो, मघाशी तर पळत होतात!"

टाचा जागच्या जागी फडफडत होत्या. मी मागून हात घातला, उचललं आणि कमरेत अशी कळ गेली की मीही चौकटीला धरून उभी राहिले. एका दारात दोघं, दोघंही अडकलेले. त्या वेळी कॅमेरा असता तर त्या पोरीला जे हवं होतं ते सगळं मिळालं असतं.

दुसऱ्या दिवशी मी तिला फोन केला आणि चांगली झापली. "काय जादूटोणा केलात माझ्या नवऱ्यावर? चालता माणूस दाखवलात आणि पुन्हा काढून नेलात!" ती गडबडली. "काकू, आम्ही काय केलं? दिवा लावला, कॅमेरा लावला, पट्ट्या..." मग हळू म्हणाली, "काकू, पट्ट्या."

तासाभरात व्यायामवाल्या बाईंचा फोन. म्हणाल्या, ह्या आजारात काही माणसांचं असं होतं. पायाला 'चल' म्हटलं तर ऐकत नाही, पण समोर रेघ दिसली की ती ओलांडायला उठतो. सगळ्यांना लागू पडत नाही, करूनच बघावं लागतं. मी म्हटलं, "मग आम्हाला आधी नाही का सांगायचं?" त्या म्हणाल्या, "पहिल्याच भेटीत काकांना सांगितलं होतं, काकू. तुम्ही चहा ठेवायला गेला होतात. ते म्हणाले, आमच्या घरात रेघ चालत नाही. मग मी तो विषय सोडला."

काखेत कळसा आणि गावाला वळसा! फोन ठेवला आणि मी ह्यांच्यासमोर जाऊन उभी राहिले.

"तुम्हाला माहीत होतं?"

ह्यांनी खिशावर हात ठेवला.

"पट्ट्यांमुळे चालताय हे कळलं होतं की नाही?"

"पहिल्याच पावलाला," हे म्हणाले.

"मग काढू कशा दिल्यात? वर आणि कोपऱ्यातली राहिली म्हणून सांगत होतात!"

ह्यांचा आवाजही आता बारीक झालाय, कान देऊन ऐकावं लागतं. "आपण गेल्यावर घरात कुणीतरी येईल," हे म्हणाले. "येताना खाली बघेल. विचारेल, एकच लादी आहे का."

मला ते समजलं. आणि समजलं म्हणून आणखीच राग आला. सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, तो हाच! म्हटलं, "आणि मी? दारात चौकट धरून मी उभी राहते, ते कुणी विचारणार नाही. तुमची फरशी बिनसांध्याची राहू दे, माझ्या मणक्यांचे सांधे सुटले तरी चालतील!" बोलून गेले आणि मग दिवसभर बोलले नाही. जेवण समोर ठेवलं, पाणी ठेवलं, शब्द ठेवला नाही.

मी हट्टाने बाजारातून चिकटपट्टी आणली. पण वाकायचं कुणी? काठीने ढकलून, पायाने दाबून दोनतीन चिकटवल्या. हे ओल्या पायाने बाथरूममधून आले, पट्टी तळव्याला चिकटून आली आणि तोल गेला. भिंत होती म्हणून वाचले. तळव्याची पट्टी काढून ह्यांनी ती बोटांत धरली, उलटसुलट केली. "पट्टी निघते," म्हणाले. बस, एवढंच.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी चहा गाळत होते आणि आतून आवाज आला. टक्. मग थांबलं. मग टक्. पडले की काय! जाऊन बघते तर हे पलंगावरून घसरत खाली बसलेले, पाय फाकलेले, पलंगाखालची कित्येक वर्षं न उघडलेली हत्यारांची पिशवी पुढ्यात. डाव्या हातात छिन्नी, उजव्या हातात छोटी हातोडी. आणि पांढऱ्या शुभ्र फरशीवर बोटभर लांबीची पहिली चीर.

मी दारातच खिळले. ज्या हाताला शर्टाचं बटण धड लावता येत नाही तो हात छिन्नी हवेत असेपर्यंत लटलट हलत होता, आणि टोक दगडाला टेकलं की दगडच त्याला धरून ठेवत होता. जी फरशी एका 'टिक्'साठी पुन्हा पुन्हा उखडली, कुणी चप्पल घालून आलं तरी ज्यांच्या कपाळावर आठी, तोच माणूस तिच्यावर स्वतःच्या हाताने घाव घालत होता. माझं सगळं भांडण तिथल्या तिथे विरलं. म्हटलं, "अहो, राहू द्या. जाऊ आपण पोरीकडे. खरंच जाऊ." मनापासून म्हटलं हो.

"पाणी शिंपड," हे म्हणाले. "धूळ उडतेय."

मग तेच चाललं. सकाळी चीर, दुपारी चीर. दमले की पलंगाच्या पायाला टेकून बसायचे, मी कपाळ पुसायची. मुलीचा फोन आला की दोघं चोरासारखे गप्प. ती विचारायची, "आवराआवर सुरू केलीस का?" मी म्हणायची, "सुरू आहे." खोटं कुठे होतं? सिनेमावाल्या पोरीचाही फोन आला. मी सांगितलं तेव्हा ती नुसती किंचाळली, "काकू, आम्ही आत्ता निघतो! हे मला घ्यायलाच हवं!" मी फोन ह्यांच्या कानाला लावला. हे म्हणाले, "पुरं झाल्यावर या. अर्धं काम दाखवत नाहीत." मग ती म्हणाली, "बरं काका." मोठ्या मनाची पोर. दुसऱ्या कुणी दार तोडलं असतं.

चिरा वाकड्या येत होत्या. एकही सरळ नाही. एक डावीकडे चढलेली, एक मध्येच पोक काढलेली. मी एकदा न राहवून म्हटलं, "वाकडी येतेय."

"दिसतंय मला."

"नाचता येईना, अंगण वाकडं म्हणा."

तेव्हा ह्यांच्या घशातून एक आवाज आला. चेहरा नाही हसला, पण तो आवाज हसण्याचाच होता. मी ओळखते ना!

सगळ्या चिरा झाल्या, तेव्हा ह्यांनी खिशातून गोटी काढली. भिंतीकडे तोंड केलं आणि पाठीमागून सोडली. टिक्. टिक्. टिक्. टिक्. पलंगापासून पार दारापर्यंत ती वाजत गेली, घड्याळ चालावं तशी. मला वाटलं, आता ह्या माणसाचं काही खरं नाही. समोर जाऊन बघितलं तर त्या दगडी चेहऱ्यावरून पाणी ओघळत होतं.

"ऐकू येतंय," हे म्हणाले.

"हो."

"स्वच्छ ऐकू येतंय."

मुलगी येणार त्या सकाळी चिरा भरायला घेतल्या. माझी चांगली थाळी घेऊन तिच्यात सिमेंट आणि काळा रंग कालवला. जन्मभर ह्यांनी लपवायला रंग जुळवला. आता म्हणत होते, "अजून काळा. अजून. दिसला पाहिजे." आणि भरायला सुरुवात केली ती पुढच्या दारापासून. आता फरशीवाल्याची पहिली अक्कल हीच, की आतून सुरू करायचं आणि दाराकडे मागे सरकत जायचं, नाहीतर आपल्याच ओल्या कामात आपण कोंडलो जातो. हे दाराकडून आत, पलंगाकडे सरकत चालले होते. मी पुढच्या खोलीतल्या खुर्चीत. ओरडून म्हटलं, "अहो, उलटं करताय! कोंडून घ्याल स्वतःला!"

आतून बारीक आवाज आला, "मला आतून बाहेर यायचंय."

शेवटची रेघ भरून झाली असेल नसेल, घंटा वाजली.

"आई! उघड गं, हातात खोकी आहेत!"

मी उठणार होते. सवयच ती. पण दोन्ही हात मांड्यांखाली दाबून बसले. मध्ये सगळी ओली फरशी, मी गेले तर सगळं जाईल. आत पलंग करकरला. हे उठले. खोलीच्या दारात आले. आणि थांबले.

टाचा फडफडायला लागल्या. पुन्हा घंटा. "आई, काय झालं? बरी आहेस ना?" तिचा आवाज घाबरलेला. मी तोंडाने काही बोलले नाही, बोलले असते तर ह्यांचं लक्ष उडालं असतं. मी फक्त बघत होते. ह्यांनी मान खाली घातली. समोर पहिली रेघ, सगळ्यांत वाकडी, काळीकुट्ट. ह्यांनी तिच्याकडे बघितलं, चांगलं निरखून बघितलं. आणि पाऊल उठलं.

एक रेघ गेली. दुसरी गेली. पॅसेज गेला. माझ्यासमोरून गेले तेव्हा माझ्याकडे ढुंकूनही बघितलं नाही, मान खाली, हातांना सिमेंट, गुडघे पांढरे. माझा हा माणूस! मी किती जणांची कामं बघितली असतील, मोठमोठ्या इमारती बघितल्या, पण त्या वाकड्या रेघांवरून माझा नवरा चालत गेला तसं काही मी ह्या डोळ्यांनी बघितलेलं नाही. हे दाराशी पोचले. कडी काढायला जरा वेळ लागला. दार उघडलं.

मुलगी समोर, दोन्ही हातांत रिकामी खोकी. दारात आई असेल म्हणून तोंड उघडलेलं, ते तसंच राहिलं. तिने बापाच्या मागे बघितलं, कुणी धरलंय का. कुणी नव्हतं. मी लांब खुर्चीत. मग तिने सवयीने खाली बघितलं.

ती पाय आत टाकणार, तेवढ्यात ह्यांनी थरथरता हात वर केला.

"ओलं आहे," हे म्हणाले. "रेघेवर पाय देऊ नको. ओलांडून ये."

पोरीने खोकी बाहेरच टाकली, साडी वर धरली आणि उडी मारून आत आली.